वाफेतली मूठ

मध्यंतराचे दिवे लागले आणि खाली डाव्या अंगाच्या खुर्च्यांत मला अक्का दिसली.

आधी वाटलं, दुसरंच कुणी असेल. माझी थोरली बहीण अकरा महिने हरिपूरच्या घराबाहेर पडली नव्हती. पडली ती दोनदाच, आणि दोन्ही वेळा संगमाच्या घाटावर कमरेएवढ्या पाण्यात उभी सापडली. पण ती अक्काच होती. निळं इरकली लुगडं, केस चापून बसवलेले, भांग मात्र वाकडा. म्हणजे दाजींनीच विंचरले असणार. दाजी शेजारी बसले होते, टोपी मांडीवर. सगळी माणसं चहाकडं निघाली होती आणि ती दोघं रिकाम्या पांढऱ्या पडद्याकडं बघत होती, परक्या गावच्या स्टँडवर गाडीची वाट बघावी तशी.

मी वर बाल्कनीत माइकपुढं होते. पुढच्या पाऊण तासात काय होणार ते सगळं माझ्यापुढच्या वहीत लिहिलेलं होतं, माझ्याच अक्षरात.

ही त्र्याऐंशीच्या मार्चमधली गोष्ट. सांगलीत तेव्हा आमचं एक चित्रपट मंडळ होतं. औषधांचं दुकान चालवणारे शहापुरेअण्णा त्याचे चिटणीस. महिन्यातून एका रविवारी सकाळी नऊला थेटर भाड्यानं घ्यायचं आणि पुण्याहून एस.टी.च्या टपावरून आलेल्या पत्र्याच्या डब्यांतले परदेशी सिनेमे दाखवायचे. सभासदांत मास्तर होते, हळदीचे अडते होते, सूतगिरणीतले कामगार होते. परदेशी बोलणं कुणाला कळायचं नाही, आणि खाली उमटणारी इंग्रजी अक्षरं वाचून होईपर्यंत पळून जायची. म्हणून अण्णांनी मला गाठलं. मी मुलींच्या शाळेत मराठी शिकवायची आणि सुट्टीत खेड्यांतून हिंडून जात्यावरच्या ओव्या उतरून घ्यायची. सिनेमातलं सगळं बोलणं इंग्रजीत टाइप होऊन टपालानं आधी यायचं. मी ते मराठीत करायची आणि खेळ चालू असताना माइकवरून हलक्या आवाजात बोलायची. ओठ पडद्यावरच्या बाईचे, आवाज माझा. अण्णांची ताकीद एकच: "कमी बोला, मंदाताई. चित्राला बोलू द्या."

त्या रविवारचा सिनेमा फिनलंडचा होता. जगात नावाजलेला, अण्णा सांगत होते. त्या देशातली माणसं मनाच्या तळाशी उतरून सिनेमा काढतात म्हणे. ह्या प्रतीवर खाली इंग्रजी अक्षरंही नव्हती. जे काय कळायचं ते माझ्या तोंडूनच.

पहिल्या अर्ध्यात घडत असं काहीच नव्हतं. गोठलेलं तळं, काठावर लाकडी घर, त्यात नवरा-बायको. ती दोघं उकडलेले बटाटे खातात, लाकडं फोडतात, आणि बोलत नाहीत. खुंटीला लहान मुलीचे बर्फावरून घसरायचे बूट टांगलेले. तीन हिवाळ्यांमागं तळ्यावरचा बर्फ फुटून मुलगी बुडाली, एवढं शेजारणीच्या बोलण्यातून कळतं. मागच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं, "भांडलीत व्हय रं ही दोघं?" आणि खसखस पिकली होती. तेव्हा मीही माइकवर हात ठेवून हसले होते. खाली अंधारात अक्का बसलीय हे मला कुठं ठाऊक होतं?

मी जिना उतरून खाली धावले.

दाजी मला बघून अर्धवट उठले. अडत दुकानात हळद हाताळून त्यांची बोटं कायमची पिवळी झालेली होती; त्या बोटांनी ते टोपीची कड कुरवाळत होते. मी त्यांना बाजूला घेऊन विचारलं, हिला इथं का आणलं. ते म्हणाले, मिरजेच्या डॉक्टरांनी सांगितलं, माणसांत न्या. लग्नात नेलं तर लोक हिच्याकडं बघून कुजबुजतात. मग त्यांना वाटलं, अंधारात कोण बघतंय. आणि मंदाचा आवाज असतो तिथं.

"तुझा आवाज आला तशी तिनं मान वर केली," दाजी म्हणाले. "अकरा महिन्यांत पहिल्यांदा. नंदी पाय धरून रडली तरी करत न्हाई."

नंदी म्हणजे त्यांची धाकटी. तीन वर्षांची. थोरला सन्मती, सहा वर्षांचा, गेल्या चैत्रात संगमापाशी नाव उलटून गेला. त्या दिवसापासून अक्काची जीभ आत गेली ती गेलीच. ती भाकरी थापायची, नंदीला न्हाऊ घालायची, विचारलं तर मान हलवायची, बस्स. दाजी तिच्या पदराचं टोक आपल्या मनगटाला बांधून झोपायचे. घरातला पाण्याचा रांजण त्यांनी परसात नेऊन ठेवला होता. इवल्याशा पाण्याचंही त्यांना भय.

"दाजी, हिला घरी न्या," मी म्हणाले. "पुढचं हिनं बघू नये."

"काय हाय पुढं?"

सांगायचं तर का ते सांगावं लागलं असतं, आणि ते मला सांगता येत नव्हतं. मी एवढंच म्हणाले की शेवटी पाणी आहे, ती बाई पाण्यात उतरते. दाजींचा चेहरा मेणासारखा झाला. त्यांनी वाकून अक्काच्या दंडाला हात लावला. "चल गं, जाऊ या."

अक्कानं खुर्चीचे दोन्ही हात धरले. इतके घट्ट की नखं पांढरी पडली. नजर पडद्यावरून हलली नाही. दाजींनी माझ्याकडं बघितलं. त्या बघण्यात भीती होती आणि तिच्याखाली, अंधाऱ्या आडात चांदणी दिसावी तशी, आशा होती. अकरा महिन्यांत अक्कानं पहिल्यांदा काहीतरी मागितलं होतं. ते ओरबाडून घ्यायचं बळ त्यांच्यात नव्हतं, आणि माझ्यातही नव्हतं.

चार मिनिटं उरली होती. मी वर यंत्राच्या खोलीत गेले. बाबालाल नदाफ चौथं रीळ चढवत होता, अण्णा दारात चहा पीत होते. मी अण्णांना विनवलं, शेवटची दोन रिळं राहू द्या, प्रिंट खराब निघाली म्हणून सांगा. माझी बहीण खाली आहे. अण्णांना अक्काचं सगळं माहीत होतं. तिची झोपेची औषधं त्यांच्याच दुकानातून जायची. त्यांनी कप खाली ठेवला, चष्मा पुसला, पुन्हा पुसला. सव्वादोनशे माणसं बसलीत, म्हणाले. आणि अर्ध्यात तोडलेली गोष्ट माणसाला जास्त छळते, मंदाताई.

बाबालाल रिळावरून नजर न काढता म्हणाला, "फ्यूज उडवू काय, बाई? लाइट गेली म्हणायचं. सांगलीत कुणाला खोटं वाटणाराय?"

आज वाटतं, तेव्हा हो म्हणायला हवं होतं का? माहीत नाही. मी नको म्हणाले. मला एकदम माझ्या हातातली वही आठवली. ती भाषा इथं एकालाही कळत नव्हती. पडद्यावरची बाई काय बोलते ते मी ठरवणार होते. ज्या शब्दाची मला भीती होती तो एकच शब्द होता, आणि तो माझ्याच तोंडातून जाणार होता.

"मी निभावून नेते," मी म्हणाले.

दिवे मालवले.

चौथ्या रिळात ती वाफेची खोली येते. लाकडी फळ्यांची लहानशी खोली, कोपऱ्यात तापलेल्या दगडांची रास. दगडांवर पाणी टाकलं की वाफ उसळते आणि त्या वाफेत माणसं बसतात. त्या लोकांत ही रीतच आहे. बाळंत होतात ती तिथं, मेलेल्याला धुतात तेही तिथं. आमच्या बाया जात्यापाशी जे बोलतात ते ती माणसं त्या वाफेत बोलत असावीत. "मे महिन्यातली मिरज," कुणीतरी पुटपुटलं. ह्या खेपेस कुणी हसलं नाही.

नवरा-बायको पाठीला पाठ लावून बसलेली. खूप वेळानं नवरा विचारतो. तीन वर्षांत पहिल्यांदा.

"त्या दिवशी काय झालं?" मी माइकवर म्हणाले.

बाई बोलत नाही. टाइप केलेल्या कागदावर तिथं कंसात आकडा होता: नव्वद सेकंद. घामाचे थेंब तिच्या हनुवटीवरून पडत राहतात. मी खाली बघायचा प्रयत्न केला; काळोखात नुसत्या डोक्यांच्या गोलाया होत्या.

मग ती बोलली. मोजकी चार-पाच वाक्यं. वहीत ती शाईनं लिहिलेली होती. त्यांतल्या तिसऱ्या वाक्यावर लिहिताना माझं पेन थांबलं होतं, आणि त्या रात्री मी जेवले नव्हते.

मी वही मिटली आणि म्हणाले, "बर्फ फुटत होता. ती खाली खाली जात होती. माझ्या हातातून तिचा हात निसटला."

पण पडद्यावरच्या बाईनं तेवढ्यात आपला उजवा हात वर उचलला. वाफेत तिची मूठ दिसली. घट्ट आवळलेली. आणि तिनं ती उघडली. एकेक बोट, सावकाश, करंगळीपासून. निसटलेला हात असा उघडत नाही, हे सांगायला मराठी लागत नाही.

"खोटं."

खालून आवाज आला. फाटका, गंजल्या कडीसारखा. थेटरातल्या कुणाला तो ओळखीचा नव्हता. मला होता.

"खोटं हाय. तिनं सोडला."

माणसं मागं वळून बघायला लागली. यंत्राची घरघर चालूच होती, पडद्यावर वाफ चालूच होती. अक्का उभी राहिली होती. उजेडाच्या झोतात तिच्या डोक्याची सावली पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात पडली, त्या बाईच्या गुडघ्यापाशी.

"मंदे," ती म्हणाली. "नीट सांग."

आता जे मी कुणाला सांगितलं नव्हतं ते सांगते.

गेल्या चैत्रात, पलीकडच्या काठावरच्या जत्रेला जाताना नाव उलटली तेव्हा मी अलीकडच्या काठावर होते. पुढच्या खेपेला येणार होते. आम्ही अक्काला बाहेर काढलं तेव्हा तिच्या काखेत नंदी होती, आणि दुसऱ्या हातानं तिनं उलटलेल्या नावेचा दोर धरला होता. तो हात सोडवायला दोन माणसं लागली. काठावर मी तिचं डोकं मांडीवर घेतलं. तिनं डोळे उघडले आणि मला स्पष्ट, शांत आवाजात सांगितलं, "मंदे, मी सन्मतीला सोडला. दोन्ही हातांत पोरं होती. दोर धरायला हात नव्हता. त्याला थोडं थोडं पोहता येत होतं, म्हणून त्याला सोडला."

मी तिच्या तोंडावर हात ठेवला. दाबून धरला. "असलं बोलायचं नाही," मी म्हणाले, "निसटला. निसटला म्हण." ती माझ्या तळव्याखाली काहीतरी सांगत राहिली, तिच्या ओठांची ती धडपड मला अजून तळव्याला जाणवते. मग फौजदार आले. त्यांनी तिला विचारलं, उत्तर मी दिलं. पोराचा हात निसटला. त्यांनी तसंच लिहून घेतलं. गावानं तेच म्हटलं, आमच्या वडलांनी, दाजींनी, भेटायला आलेल्या प्रत्येक बाईनं तेच म्हटलं. निसटला गं बाई, तुझा काय दोष? अकरा महिने आम्ही तिला ते पाजत होतो, आणि ती आत आत मिटत जात होती.

माझ्या तळव्यानं ते तोंड बंद केलं होतं. मी माझ्या बहिणीचं पहिलं भाषांतर तिथं केलं होतं, नदीच्या काठावर.

मी वही उघडली. घाईत ती माइकवर आपटली आणि थेटरभर एक धाडकन आवाज झाला. पडद्यावरची बाई केव्हाच गप्प झाली होती. मी तिच्या गप्प ओठांवर तिचे शब्द ठेवले, उशिरा, पण जसे होते तसे.

"बर्फ फुटत होता. ती मला ओढत होती. मी तिचा हात सोडला. मला वाटलं, मी तरी जगेन. नंतर काठावर मला थंडी वाजली, आणि थंडी वाजतेय ह्याचा मला आनंद झाला."

अक्का खाली बसली. पडद्यावर नवऱ्यानं दगडांवर एक ओगराळं पाणी टाकलं. त्यानं डहाळ्यांची जुडी पाण्यात भिजवली आणि बायकोची पाठ धुवायला लागला.

शेवटच्या रिळात बोलणं नव्हतं. मी माइक बंद केला आणि अंधारात चाचपडत खाली गेले, अक्काच्या दुसऱ्या बाजूला बसले. तिचा हात हातात घेतला. तिनं तो काढून घेतला. झटकला नाही, नुसता काढून घेतला आणि स्वतःच्या मांडीवर ठेवला. पडद्यावर पहाट झाली. बाई एकटीच तळ्यावर चालत गेली. बर्फात एक चौकोनी भोक पाडलेलं, त्याला लाकडी शिडी. त्या मुलखात लोक त्या पाण्यात डुबकी मारून वरही येतात, तीही रीतच. तिनं टॉवेल शिडीवर ठेवला. एकेक पायरी उतरली. काळं पाणी गळ्यापर्यंत आलं, मग डोक्यावरून गेलं.

दाजींनी अक्काच्या पदराचं टोक मुठीत धरलं होतं. मला ऐकू येत होता तो त्यांचा श्वास.

पडदा काळा झाला. ती वर आली की नाही, सिनेमानं दाखवलंच नाही. मंडळाचे लोक पुढं दोन महिने त्यावरून अण्णांच्या दुकानात भांडत होते.

त्या काळोखात अक्का बोलली. मला नाही, दाजींना नाही, समोरच्या काळ्या पडद्याला.

"लई गार असंल पाणी," ती म्हणाली. "सन्मतीला गार पाणी सोसत न्हवतं."

आणि मग ती रडली. अकरा महिन्यांचं. दिवे लागले तरी, लोक उठले तरी. माणसं आमच्या रांगेजवळून मान खाली घालून जात होती. बाबालाल वरून उतरून आला, पाण्याचा तांब्या आमच्या पायापाशी ठेवून निघून गेला.

थेटराच्या पायरीवर दाजींनी मला थांबवलं. उन्हात त्यांचा चेहरा एकदम म्हातारा दिसत होता.

"तिनं तुला सांगितलं होतं?"

"होय."

"कवा?"

"तिथंच. काठावर."

"आन् तू आम्हाला 'निसटला' म्हणालीस."

मी मान हलवली. वाटलं, ते मला मारतील. मारावं असंही वाटलं. त्यांनी टोपी डोक्यावर घातली, पुन्हा काढली. मग माझ्याकडं पाठ करून ते अक्काकडं गेले. ती रस्त्याच्या कडेला उभी होती, उन्हात डोळे किलकिले करून. आता त्यांना सगळं कळलंय, हे तिला कळलं होतं. ती वाट बघत होती, फाशीच्या शिक्षेची बघावी तशी.

दाजी तिच्यासमोर बराच वेळ उभे राहिले. त्यांच्या पिवळ्या बोटांची मूठ झाली, सुटली, पुन्हा झाली. मग ते म्हणाले, "चल. नंदीला भूक लागली असंल."

ती दोघं रिक्षात बसून गेली. मला ये म्हणाली नाहीत.

अक्का जगली. त्या वर्षी पावसाळ्याआधी ती पुन्हा एकदा नदीवर गेली, पण दाजींना सांगून. ते सोबत गेले आणि अंधार पडेपर्यंत दोघं घाटावर बसून आली. दाजींनी परसातला रांजण पुन्हा घरात आणला. माझ्याशी मात्र ते जाईपर्यंत, पुढची अठरा वर्षं, कामापुरतंच बोलले. माझ्या घरी आले तर पाणी पिऊन जायचे, जेवायचे नाहीत. मी कधी आग्रह केला नाही. सिनेमाला आवाज द्यायचंही मी सोडलं. अण्णा दोनदा बोलवायला आले आणि मग आले नाहीत.

अक्कानं मला माफ केलं का, ते तिनं कधी सांगितलं नाही. फक्त एका दिवाळीत, चिरोट्यांचा रवा दळताना, तिनं जात्याचा खुंटा थांबवून मला हाक मारली. "मंदे, वही आण. लिहून घे." मी तिच्यासमोर बसले. ती गायली, जातं न फिरवता, नुसतीच:

नदीच्या गं काठी
दोन हाती दोन फुलं
एक सोडिलं मी बाई
एक पदराशी आलं

मी उतरून घेतली. तिनं वही मागून घेतली, बोटानं एकेक अक्षर वाचलं, आणि परत दिली.

अक्का गेल्या वर्षी गेली. दिवस झाल्यावर नंदी माझ्या वह्या चाळत बसली होती. तिला त्या छापायच्या आहेत. आता तिच्या केसांत पांढरी झाक आलीय. त्या पानावर ती थांबली. आईनं तिला सगळं सांगितलेलं आहे, बारा वर्षांची झाली तेव्हाच. तरी तिनं बराच वेळ त्या चार ओळींतल्या 'सोडिलं'वर बोट ठेवलं.

"मावशी, हा शब्द असाच ठेवायचा ना? लोकांच्या हातात जाणार."

मला माझ्या तळव्यावर ओठ जाणवले. गार, ओले, काहीतरी सांगणारे.

"असाच," मी म्हणाले. "तिनं सांगितला तसा."